चांगल्या घरचे सूक्ष्मजीव

सर्जेरावांचं वजन अठ्ठ्याण्णव किलो, आणि पंचक्रोशीत त्यांना नाव पडलं होतं ‘सूक्ष्मआबा’. हे नाव कुणी ठेवलं याचा त्यांनी सुरुवातीला बराच तपास केला. संशयितांची यादी वाडीच्या मतदारयादीएवढी व्हायला लागली तेव्हा नाद सोडला. पुढे पुढे त्यांना ते नाव आवडायलाच लागलं. बारशाशिवाय मिळालेलं नाव म्हणजे पदवीच, असं त्यांनी स्वतःला पटवून दिलं. स्वतःला पटवण्यात ते पहिल्यापासून हुशार.

झालं असं होतं की, नऊ वर्षांपूर्वी शेतकरी गटाचे अध्यक्ष म्हणून ते तीन दिवसांच्या प्रशिक्षणाला गेले. पहिल्या दिवशी उशिरा पोचले, तिसऱ्या दिवशी जेवणात बासुंदी होती म्हणून झोप लागली. मधल्या दिवशी जे कानावर पडलं, त्यातून एक शब्द तेवढा घरी आला: सूक्ष्मजीव. काय वजनदार शब्द! उच्चारला की समोरचा माणूस गप्प बसतो. कवठे येमाईच्या पुढची त्यांची वाडी, तिथं गप्प बसवता येणारी माणसं तशी कमीच. सर्जेरावांनी शब्द उचलला आणि भाषणं सुरू केली.

भाषण ठरलेलं असायचं. “सूक्ष्म म्हंजी डोळ्याला न दिसणारा. बारीक. इतका बारीक, की मोहरीवर हजारो बसतील. आन् जीव म्हंजी...” इथं ते पाण्याचा घोट घ्यायचे. “जीव म्हंजी जीव. ते काय सांगायला नको.” आणि पुढच्या मुद्द्याकडे वळायचे.

शब्द वापरण्याच्या बाबतीत मात्र ते फार कडक. चहाच्या टपरीवर कुणी शेताला द्यायच्या बाटलीतल्या औषधाला ‘जंतूचं औषध’ म्हणालं, की कप खाली ठेवून दुरुस्ती व्हायची. “जंतू न्हाई. सूक्ष्मजीव म्हणा. जंतू वेगळं.” कसं वेगळं, याचं त्यांचं स्वतःचं शास्त्र होतं. जंतू म्हणजे गटारीतले, जुलाब करणारे, वाईट चालीचे. सूक्ष्मजीव म्हणजे बाटलीतून येणारे, लेबल असलेले, जमिनीला नत्र देणारे, चांगल्या घरचे. दोघांची सोयरीक नाही. करोनाच्या काळात विषाणू हा शब्द गावात आला, तेव्हा त्यांनी त्याला जंतूंच्या आळीत घर दिलं आणि विषय मिटवला.

त्यांच्या अंगणात दोनशे लिटरचा निळा ड्रम होता. त्यात नळाचं पाणी, दोन किलो गूळ आणि जिवाणू कल्चरची बाटली. आठवड्याभरात एका बाटलीचे कोट्यवधी होतात, मग ते पाणी शेताला द्यायचं. एवढं प्रशिक्षणात सांगितलं होतं आणि ते खरंच आहे. पण सर्जेराव ग्रामपंचायतीचे सदस्य, पाणीपुरवठ्याचं काम त्यांच्याकडे, आणि पाणी शुद्ध करायला गावाच्या टाकीत टाकायच्या टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडरीची गोणी त्यांच्याच पडवीत. चांगल्या घरच्या सूक्ष्मजीवांत एखादा गटारातला जंतू शिरला तर? म्हणून ड्रम भरला की आधी मूठभर पावडर, आणि नंतर रोज आंघोळ झाल्यावर चमचाभर. न चुकता. देवाला फूल वाहायला विसरतील, पण हे नाही. गोणीवर ठळक छापलं होतं, ‘जंतुनाशक’. सूक्ष्मजीवनाशक असं कुठंही छापलेलं नव्हतं, ते त्यांनी चष्मा लावून दोन्ही बाजूंनी बघितलं होतं.

त्यांच्या ड्रमला कसला म्हणून वास येत नसे. दुसऱ्यांचे ड्रम चौथ्या दिवशी आंबायचे, फेस यायचा, माणूस नाकाला रुमाल लावायचा. सर्जेराव पाहुण्याला ड्रमपाशी नेऊन झाकण उघडायचे. “घ्या वास. येतो का? ह्याला म्हणायचं शुद्धता.” लोक पार शेजारच्या तालुक्यातून येऊन कॅन भरभरून न्यायचे. ऊस बरा यायचा, कारण कॅनमधल्या पाण्यामागून सगळेच गुपचूप युरियाही टाकायचे. सर्जेरावसुद्धा टाकायचे.

आता मुक्ताबाईचं सांगायला पाहिजे. ही सर्जेरावांची भावकीतली चुलती, सत्तरीची, अर्ध्या एकरात वांगी करायची. तिच्या गोठ्यामागंही एक ड्रम होता. त्यात शेण, गोमूत्र, गूळ, आंबट ताक. दर वेळी तळाशी तांब्याभर राखून त्यातच पुढचं घालायचं, जसं दह्याचं विरजण राखतात तसं. सासूनं लावून दिलेलं ते विरजण तिनं तीस वर्षं मोडू दिलं नव्हतं. वास यायचा, हे खरं. पार रस्त्यापर्यंत यायचा.

दोन वर्षांपूर्वी स्वच्छतेची पाहणी करायला तालुक्याची समिती येणार होती. सर्जेराव चार माणसं घेऊन मुक्ताबाईच्या गोठ्यामागं गेले. “काकी, ह्यो जंतूंचा कारखाना बंद करा. लोकं आजारी पडतील. समितीफुडं गावाची शोभा व्हईल.” ती म्हणाली, तांब्याभर तरी राखू दे. हे म्हणाले, एक थेंब नको. ड्रम आडवा केला, सगळं गटारीत गेलं, वरून पावडर मारली, आणि त्याच हातानं तिच्या दारापुढं पांढरी रेघही ओढली. पुढच्या आठवड्यापासून मोठ्या मनानं स्वतःच्या ड्रममधला एक कॅन तिला पाठवायला सुरुवात केली. समिती रस्त्यावरूनच चहा पिऊन गेली.

या वर्षी यवतच्या एका शेतकरी मेळाव्याचं बोलावणं आलं. दौंड तालुक्यात भाषण, वर सत्कार. सर्जेरावांना वाटलं, फ्लेक्सवर एक आकडा पाहिजे. ‘एका थेंबात इतके कोटी सूक्ष्मजीव.’ किती कोटी, ते मोजायला घरचंच माणूस होतं. सून वैष्णवी शिरूरच्या एका कॉलेजात प्रयोगशाळेचं काम बघायची. तिच्याकडे त्यांनी बाटलीभर नमुना दिला. तिनं आपल्या मनानं घरच्या गोठ्याच्या गटारीतलाही थोडा घेतला, तुलनेसाठी. ते सर्जेरावांना आवडलं नाही. चांगल्या घरच्यांना गटारीशेजारी बसवायचं म्हणजे काय!

तीन दिवसांनी तिनं मोबाइलवर दोन फोटो दाखवले. दोन्हींत काचेची गोल बशी. एका बशीत पिवळे, पांढरे, गुलाबी ठिपके, पाय ठेवायला जागा नाही. दुसरी बशी स्वच्छ.

“वा!” सर्जेराव पहिल्या बशीवर बोट ठेवून म्हणाले. “किती कोटी म्हणायचं?”

“मामा, ती गटारीची आहे.”

“आन् आपली?”

“ही. काहीच उगवलं नाही. दोनदा करून बघितलं.”

“तुझी बशी खराब असंल.”

“बशी चांगली आहे. मामा, ड्रममध्ये पाणी कुठलं घालता?”

“नळाचं. आन् वरून रोज टीसीएल घालतो की, चमचाभर. शुद्ध राहावं म्हणून.”

वैष्णवीनं पदर तोंडाला लावला. आधी तिला हसू आलं असणार, पण सासऱ्यांचा चेहरा बघून ते तिनं गिळलं. “मामा, जंतू काय, जिवाणू काय, सगळे सूक्ष्मजीवच. बुरशीसुद्धा. त्यातले जे आपल्याला त्रास देतात त्यांना आपण जंतू म्हणतो, एवढंच. पावडरीला कुठं माहीत, कोण कुणाचा? ती समोर येईल त्याला मारते.”

“पर गोणीवर जंतुनाशक लिवलंय.”

“तेच तर लिहिलंय,” वैष्णवी हळू आवाजात म्हणाली.

सर्जेराव पडवीत बसून राहिले. नऊ वर्षं! नऊ वर्षं रोज सकाळी, आंघोळ करून, पवित्र मनानं, त्यांनी आपल्या हातानं कोट्यवधींचा जीव घेतला होता आणि वर त्या मढ्यांना वास येत नाही म्हणून छाती फुगवली होती. मोहरीवर हजारो बसतील, म्हणे. बसतील, पण सर्जेराव बसू देतील तर ना! जो जिवंत आहे तो मरतो, एवढी साधी गोष्ट त्यांच्या कधी डोक्यात आली नव्हती. त्यांना हसू फुटलं. एकटेच गदगदून हसले. हसता हसता मुक्ताबाईचा ड्रम आठवला, आणि हसू तिथंच आटलं. त्यांना लाज वाटली. अशी लाज त्यांना पूर्वी एकदा निवडणुकीत पडले तेव्हाही वाटली नव्हती.

ते तसेच उठून तिच्याकडे गेले. मुक्ताबाई वांगी निवडत बसली होती. किडकी एका पाटीत, चांगली दुसरीत. किडकी पाटी भरलेली होती. सर्जेरावांनी सगळं सांगितलं, बशीपासून गोणीपर्यंत. काहीही लपवलं नाही. शेवटी म्हणाले, “काकी, तुमच्या ड्रमातलं खरं जित्तं व्हतं. माझं समदं मेलेलं.”

त्यांना वाटलं होतं, म्हातारी हसेल, असू दे म्हणेल, चहा टाकेल. मुक्ताबाईनं हातातलं वांगं पाटीत आपटलं.

“दोन वर्सं झाली, झाडाला पयल्यावानी वांगं धरत न्हाई. मी म्हणलं, सर्जेराव शिकलेला हाय, त्याचं पाणी चांगलंच आसणार, माझ्याच हाताचा गुण गेला. हाताला दोष देत बसले रे मी! सासूनं जाताना दिल्यालं व्हतं ते इरजण. तांब्याभर मागितलं तर दिलं न्हाईस.”

“चुकलंच, काकी. आता काय करू सांगा.”

“चार मान्सं घिऊन आला व्हतास न्हवं? चार मान्सांत मला घाण म्हणलास. आता हितं कोपऱ्यात येऊन चुकलं म्हणतो व्हय? जा, मान्सांत जाऊन सांग. मी येते आयकाया.”

त्यामुळे मेळाव्याच्या दिवशी शिरूरवरून न्हावऱ्या-चौफुल्यामार्गे यवतकडे निघालेल्या गाडीत पुढं सर्जेराव, मागं वैष्णवी आणि मुक्ताबाई, असं वऱ्हाड होतं. वाटेत सर्जेराव मनातल्या मनात भाषणाची उजळणी करत होते. कबुली द्यायची तीही जरा छान शब्दांत द्यावी, लोकांच्या डोळ्यांत पाणी यावं, असं त्यांना वाटत होतं. सवय वाईट. फासावर चढताना जरी भाषण करायला मिळालं असतं, तरी सर्जेरावांनी आधी माईक टॅप करून बघितला असता.

यवतला मांडव भरलेला होता. फेटा झाला, शाल झाली, फ्लेक्सवर आकड्याची जागा तेवढी मोकळी होती. सर्जेराव उभे राहिले आणि सुरुवातीलाच म्हणाले, “मंडळी, नऊ वर्सं मी तुम्हाला मेलेल्या सूक्ष्मजीवांचं पाणी पाजलं.”

मांडवात हशा पिकला. त्यांनी टीसीएलची सगळी कथा सांगितली, तसा हशा वाढत गेला. लोकांना वाटलं, आबा रंगात आलेत. पुढच्या रांगेतला म्हस्कू नावाचा एक शेतकरी उभा राहून म्हणाला, “आबा, चेष्टा पुरं. तुमच्याच ड्रमातलं पाणी नेलं व्हतं मी. ऊस यून बगा माझा, डोक्याच्या वर दोन हात गेलाय!” टाळ्या पडल्या.

सर्जेरावांच्या मनात एक क्षण आलं, की राहू द्यावं. लोकच मानत नाहीत तर आपण कशाला हट्ट करायचा? सांगायचं काम केलं, संपलं. टाळ्या कानाला बऱ्या वाटत होत्या. मग बायकांच्या बाजूला बसलेली मुक्ताबाई दिसली. ती टाळ्या वाजवत नव्हती.

“म्हस्कूबा, युरिया टाकता का न्हाई?” सर्जेरावांनी विचारलं.

“टाकतो की थोडा.”

“मंग त्यो ऊस युरियाचा हाय. माझ्या ड्रममधून तुम्ही निस्तं गुळाचं पाणी नेलं. चेष्टा न्हाई करत. माझ्या सुनेनं तपासलं, ती बसलीय तिथं, विचारा तिला.” मांडव हळूहळू शांत झाला. “आन् ज्यांच्या ड्रममधी खरे जित्ते व्हते, त्यांचा ड्रम मी ह्या हातानं गटारीत वतला. लोकांम्होरं घाण म्हणलो. घाण व्हती ती माझ्या टकुऱ्यात. त्या माझ्या काकी, मुक्ताबाई, हितं आल्यात. ह्या समद्या मंडळींच्या साक्षीनं मी सांगतो, की माझ्या हातून घोर अपराध घडला, आन् मी अंतःकरणापासून...”

“ये!” मुक्ताबाई उठून उभी राहिली होती. मांडव तिच्याकडे वळला. “त्या भोंग्यात काय सांगतोस? मंडळींचा ड्रम वतला व्हता का माझा? माझ्याकडं बघून बोल की.”

अंतःकरणापासूनच्या पुढचं वाक्य सर्जेरावांनी वाटेत तीनदा पाठ केलं होतं. ते विसरलं. त्यांनी माईक टेबलावर ठेवला, आपलं अठ्ठ्याण्णव किलोंचं सूक्ष्म शरीर सांभाळत स्टेजच्या तीन पायऱ्या उतरले, आणि गर्दीतून वाट काढत म्हातारीच्या पुढ्यात जाऊन उभे राहिले. मग ते काहीतरी बोलले. बराच वेळ बोलले. मुक्ताबाई मान वर करून त्यांच्या तोंडाकडे बघत ऐकत होती.

मागच्या रांगांतून लोक ओरडायला लागले, “आवाज न्हाई! ओ आबा, आवाज येत न्हाई!”

कुणीतरी पळत माईक घेऊन आलं. सर्जेरावांनी तो हातानं बाजूला सारला आणि बोलत राहिले.