ग्रुपवर टाक

माझ्या दोन्ही भावांना आईची काळजी फार. ही काळजी वर्षातून दोनदा आटपाडीला येते, मटण खाते, मेंढरांत उभी राहून फोटो काढते आणि सुट्टी संपली की परत जाते.

थोरला इंद्रजित फौजेत आहे. धाकटा राजवर्धन सांगलीला एका फायनान्स कंपनीत साहेब. मी मधली, दीपमाला. मला गावातच दिली, माहेरापासून हाकेच्या अंतरावर. त्यामुळं आईच्या गुडघ्यांचं तेल, दवाखाना आणि लाईटबिल माझ्याकडं, काळजी त्यांच्याकडं, अशी आमची वाटणी झालेली आहे.

अण्णा गेल्यावर त्यांची मेंढरं आईनं एकटीनं सांभाळली. पण तिचे गुडघे गेले आणि दुसरीकडून रानही गेलं. आमच्याकडं कालव्याचं पाणी आलं, डाळिंबाच्या बागा झाल्या. ज्या माळावर पूर्वी कुणी थुंकत नव्हतं त्याला आता तारेचं कुंपण आहे. मेंढरं घेऊन आईला रोज लांब लांब जावं लागायचं आणि रात्री ती भिंतीला धरून उठायची.

मागच्या दिवाळीत इंद्रजितनं तिला मोठा फोन आणला. राजानं त्यावर ग्रुप काढून दिला. नाव ठेवलं 'आमची माऊली'. त्यात आई, दोघे भाऊ आणि दोघी सुना. मला घेतलं नाही. तू तर तिथंच असतीस की, म्हणाला. बटण दाबून धरायचं, बोलायचं आणि सोडायचं, एवढं त्यानं आईला शिकवलं.

"त्यापरीस मी फोनच लावीन की," आई म्हणाली.

"आगं, मी मीटिंगमधी असतो. दादाला ड्यूटीवर फोन चालत न्हाई. काय बी असलं तर ग्रुपवर टाक, आमी सवडीनं ऐकतो," राजा म्हणाला. आणि उठता उठता म्हणाला, "आन् मेंढरांचं काय बी आमाला इचारल्याबिगर करायचं न्हाई. आण्णाची आठवण हाय ती."

आठवण त्याला जपायचीच होती, कारण ती इंस्टाग्रामवर चालत होती. राजा आला की पिवळा फेटा बांधून, खांद्यावर घोंगडं टाकून, कोकरू कडेवर घेऊन मेंढरांतून चालायचा आणि बायको, सोनिया, व्हिडिओ काढायची. खाली लिहायचा, 'रक्तातच आहे'. त्याच्या रक्तानं शाळेत असतानासुद्धा कधी एक लेंडी उचलली नव्हती. पण लोकांना आवडायचं. जेवायला बसला तरी त्याचा फोन टिंग टिंग करत असायचा आणि प्रत्येक टिंगला तो घास खाली ठेवून बघायचा.

आई ग्रुपवर बोलायला लागली. काळी मेंढी व्याली, कुत्र्याच्या पायात काटा गेला, शेजारच्या शालूबाईच्या नातवाचं लग्न ठरलं. फोन तोंडाशी धरून, पलीकडं माणूस बसल्यासारखी ती बोलायची, आणि बोलून झालं की "बरं, ठेवते" म्हणायची. आधी दोघांचे अंगठे आले. मग तेही थांबले. कामात असतील, आई म्हणायची. मला राग यायचा, पण राग कुणावर काढणार, समोर तीच असायची.

पावसाळा सरला तसं तिला चढाला पाय टाकता येईना. लोणंदचा एक व्यापारी कळप बघून गेला. भाव त्याला आणि आईला पटला. आईनं त्याला बाजारापर्यंत थांबायला सांगितलं आणि फोन घेऊन उंबऱ्यावर बसली.

"राजा, इंदर, गिऱ्हाईक आलंय. माजं पाय न्हाई चालत. काय करू?"

दुसऱ्या दिवशी तेच विचारलं. तिसऱ्या दिवशी विचारताना तिचा आवाज बारीक झाला होता. मी म्हणाले, "आण तो फोन, मी सरळ लावते त्यांना." तिनं फोन पदरात घेतला. "त्यांनीच सांगितलंय ग्रुपवर टाक म्हणून. टाकलंय. बघू किती सवड लागती."

"मग मी सांगते तुला. इकू नगंस. माझी पोरं येतील सकाळ-संध्याकाळ मदतीला."

"तू दिलेली लेक," आई म्हणाली. "तुज्या म्हनन्यावर ठेवली तर उद्या त्येच तुला बोलतील."

तिला लागावं म्हणून म्हणाली नव्हती, पण मला लागलं. तेल चोळायला लेक चालते, नको म्हणायला चालत नाही. मी तशीच घरी गेले, आणि न राहवून दिवेलागणीला परत आले. तेव्हा ती शेवटचं बोलत होती. माझ्याकडं पाठ होती.

"राजा, इंदर, उद्या टेम्पो येतोय. तुमा दोघांतल्या एकानं जरी नगं म्हनलं तर मी त्याला माघारी लावते. गुडघ्याचं काय, चालत्यात अजून. नुसतं नगं म्हना. बरं, ठेवते."

फोन उशाशी घेऊन झोपली. सकाळी टेम्पो आला.

यंदा दिवाळीला दोघे आले. राजा गाडीतून उतरला तो फेटा बांधूनच. चहासुद्धा न घेता सोनियाला घेऊन परसात गेला. तिथं वाघर, म्हणजे मेंढरं कोंडायची जाळी, नुसती खुंट्यांना उभी होती.

मग जे व्हायचं ते झालं. राजा ओरडला, "आण्णाची एवडी एकच खूण व्हती, तीबी इकलीस. इचारायचं तरी." इंद्रजित म्हणाला, "आमी काय मेलो व्हतो का?" आई चुलीपाशी बसून होती. "इचारलं की," एवढंच म्हणाली.

"कवा इचारलंस? मला काय बी आलेलं न्हाई."

मी राजाच्या हातातून फोन काढून घेतला. 'आमची माऊली' सापडायला बराच वेळ लागला, इतकी ती खाली गेली होती. नावापुढं खोडलेली घंटी. आत गेले तर आईचे आवाज एकाखाली एक, न ऐकलेले. मी इंद्रजितकडं हात केला. त्यानं फोन दिला नाही, खिशात घातला. ते पुरेसं होतं.

"ती खोडलेली घंटी कसली?" आईनं विचारलं.

"तू बोललीस तर वाजू नये म्हणून केलेलं असतं."

तिनं थोडा विचार केला. "चोर मेंढरू नेताना त्याच्या घंटीत गवत कोंबतो, तसलंच का?"

"तसलंच."

मी शेवटचा आवाज मोठ्यानं लावला. नुसतं नगं म्हना. बरं, ठेवते. सोनिया डोळ्यांना पदर लावून रडली. इंद्रजित अंगणात गेला. राजानं आईचे पाय धरले, डोकं तिच्या मांडीवर ठेवलं, आणि आईनं त्याच्या फेट्यावरून हात फिरवला. खरं सांगते, माझा राग त्या वेळी विरघळला होता. म्हटलं, उशिरा का होईना, ऐकलं.

ते गेल्यावर चार-आठ दिवसांनी शालूबाई तिच्या सुनेचा फोन घेऊन आली आणि आईला म्हणाली, "अंबू, तू ह्यात बोलतीस की गं."

रिकामी वाघर. मावळतीचं ऊन. मागं बासरी. पिवळ्या फेट्यातला राजा पाठमोरा उभा, आणि वरून आईचा आवाज, गुडघ्याचं काय, चालत्यात अजून. खाली लिहिलेलं, 'आई, ऐकायला उशीर झाला.' लाखभर लोकांनी बघितलं होतं.

आईनं दोनदा ऐकलं. "ही समदी मानसं माजं बोलनं ऐकत्यात?"

"व्हय."

"त्यात कुनी नगं म्हनलंय का?"

मी वाचायला लागले. मलकापूरचा कुणी, पुण्याची कुणी, दुबईचा कुणी. आजी, नका विकू. आजी, थांबा. आजी, आम्ही आहोत. बोट वर सारत गेले तरी संपेना.

"लय जनांनी म्हनलंय, आई."

"आन् राजानं?"

मी बघितलं. "त्यानं त्या प्रत्येकाला लाल बदाम दिलाय."

"बदाम म्हंजी?"

"म्हणजे त्याला पटलंय. इकायला नगं व्हती म्हणून."

आईनं फोन पदरानं पुसला आणि शालूबाईला परत दिला.

"मग तसं मला म्हनायचं व्हतं त्यानं," ती म्हणाली.