कोंडलेल्या लेखकाचे मेज

सकाळचा उजेड आमच्या खोलीत घाईने येत नाही. आधी तो सरकत्या दाराच्या कागदावर थांबतो. दुधावर साय धरावी तसा तिथे दाट होतो. मग चौकटीच्या काड्यांच्या सावल्या चटईवर उतरतात आणि हळूहळू माझ्या पायांशी येऊन बसतात. खालच्या गरम कुंडाची वाफ वर चढली, की तो क्षणभर गढूळ होतो आणि पुन्हा निवळतो. रोजचाच उजेड, पण त्याच्याकडे पाहत राहण्याखेरीज आता मला फारसे काम नाही.

मित्रांनो, मी एक जुने, बुटके मेज आहे. गरम झऱ्यांच्या या गावातल्या अतिथिगृहात, वरच्या खोलीत माझे आयुष्य गेले. एका अबोल सुताराने मला अखंड फळीतून घडवले.

टोकियोची एक चित्रपट कंपनी आपल्या लेखकांना इथे आणून कोंडत असे. पटकथा पुरी होईपर्यंत घरी जायचे नाही, असा रिवाजच होता. त्यांपैकी नागुमो तात्सुओ माझे सर्वांत लाडके. इतरांच्या फसलेल्या पटकथा ते दुरुस्त करीत. निरोपाच्या प्रसंगातली सारी लांबलचक वाक्ये खोडून तिथे 'छत्री घेऊन जा' एवढेच ठेवीत. आणि चित्रगृहात बायका डोळे पुसत. पडद्यावर नाव मात्र दुसऱ्याचे.

"गुरुजी, तुमचं नाव कधी दिसायचं हो?" मालकीण तोयोबाई चहा ठेवताना डिवचत.

"माझी स्वतःची गोष्ट होईल तेव्हा. एकट्याचं नाव! इतकं मोठं, की तुम्हाला चष्मा लागणार नाही."

"तोवर माझे डोळे टिकले म्हणजे मिळवली!"

पुढे घरोघरी दूरचित्रवाणी आली. चित्रगृहे ओस पडली, लेखकांना कोंडणे थांबले. माझ्यावर जादा रजया रचल्या गेल्या.

कित्येक हिवाळ्यांनंतर नागुमो पुन्हा आले. केस पांढरे, कोट तोच.

"कंपनीनं पाठवलंय. या वेळी माझीच गोष्ट. दार बाहेरून लावा, आणि मी कितीही विनवलं तरी उघडू नका."

"विनवाल कशाला? ओरडाल! मला काय नवीन आहे?" तोयोबाईंनी हसत रजया उचलल्या आणि ओल्या फडक्याने मला पुसले.

मित्रांनो, तुमच्याही घरी कुणाची तरी बसायची जागा असेल. ती रिकामी दिसली म्हणून तिच्यावर अडगळ रचू नका. माणूस परततो, तेव्हा आधी तीच शोधतो.

नागुमो लिहू लागले. नावाड्याच्या विधवेची ती गोष्ट होती. त्यांच्या कोपरांचा भार मी अभिमानाने पेलला.

"कंपनीचा माणूस अजून पानं न्यायला कसा नाही आला?" तोयोबाई रोज जेवणाचे ताट आत सरकवताना विचारीत. "पूर्वी तर दारातच ठाण मांडायचा. माझी मुळ्याची लोणची फस्त करायचा मेला."

"येईल. कामात असेल."

हेच उत्तर ते रोज देत. फक्त आवाज दिवसेंदिवस खाली जाई.

अखेर शेवटचे पान झाले. त्यांनी सारी पाने माझ्यावर ठोकून सारखी केली. तोयोबाईंनी दार उघडले.

"झाली? अहो, मग आनंदानं सांगा की! थांबा, मीच कंपनीला फोन लावते. आज नेलीच पाहिजेत त्यांनी."

त्या जिन्याकडे वळल्या. नागुमोंनी दोन्ही तळवे पानांवर ठेवले.

"फोन नका करू, बाई," ते म्हणाले. "मला कुणी पाठवलेलं नाही."