कथा : विनीत उतेकर

"खोटं असतं तर तुझं नाव कशाला आलं असतं रे त्याच्यावर?" दर्शनाताईने दारातच विचारलं. आत ये म्हणाली नाही.

बिरवाडीच्या त्या भाड्याच्या खोलीसमोर विनीत चप्पल काढू की नको अशा विचारात उभा राहिला. अठरा वर्षं मुंबईत मालिका लिहीत होता गडी. दुसऱ्यांच्या नावावर लिहिल्या, सासवांची कारस्थानं रचली, मेलेल्यांना दोन-दोनदा जिवंत केलं. स्वतःचं नाव पडद्यावर आलं ते या एकाच मालिकेला. कथा : विनीत उतेकर.

कथा कसली त्याची! ती बयाकाकीची, त्याला वाढवणाऱ्या चुलतीची. काकीला आधी पाचाडला दिली होती. तिला क्षय झाला तशी सासरच्यांनी माहेरी आणून टाकली आणि तान्ही पोर ठेवून घेतली. बरी झाल्यावर दोनदा पोरीसाठी गेली, दोन्ही वेळा दारातून हाकलली. पुढे विनीतच्या काकाशी तिचा पाट लागला. ती पोर म्हणजे ही दर्शना. सारा जन्म गेल्यावर, आत्ता दोन वर्षांपूर्वी, कुठे आईकडे येऊ-जाऊ लागली होती.

चॅनेलच्या बाईंना क्षय नको होता. "आजारी बाई कोण बघणार, सर? तिला पळवून लावा ना कुणाबरोबर." विनीतने विरोध केला, हातातला चहा संपेपर्यंत केला. मग पहिल्यांदाच नाव लागणार म्हणून दिली पळवून. तीही अशी फर्मास की मालिका गावोगाव गाजली. धन्य त्याची!

"ताई, ते मी रचलंय. काकी पळाली नव्हती गं. तिला टाकली होती."

"परक्यानं लिवलं असतं तर मी टीव्ही बंद केला असता. तू तिच्या मांडीवर वाढलास. माझी सासू सगळ्यांदेखत म्हणाली, बघ, घरच्या माणसानंच उघडं केलं." ताईचा आवाज चिरकला. "दोन वर्सं आई मला सांगत होती, मी आजारी होते गो. आणि मी खुळी, खरं मानत होते!"

"तेच खरं आहे."

"मग तेच का नाय लिवलंस?"

"नाव लागणार होतं माझं," विनीत पुटपुटला. स्वतःचीच किळस आली त्याला.

"लागलं ना? मग झालं तर," ताई म्हणाली आणि तिने दार लावून घेतलं.

पोलादपूरच्या एसटीत त्याने चार वाक्यं जुळवली. खरं सांगितलं तर म्हातारी हाय खाईल, याचीच धास्ती होती.

वाडीवर बयाकाकी ओट्यावर कुळीथ निवडत बसली होती. त्याला बघून हात थांबला.

"काय म्हनली रे?"

"गणपतीला येते म्हणाली. तुझी आठवण काढत होती. गैरसमज झाला म्हणाली. डोळ्यांत पाणी आलं तिच्या."

काकी त्याच्याकडे बघत राहिली. त्याची एकही मालिका तिने कधी चुकवली नव्हती.

"डोल्यात पानी पन आलं?"

"हो."

"ह्ये पन तूच लिवलंस, नाय?"

विनीतने मान खाली घातली. रडू आवरेना. काकीने सुपातले खडे वेचून अंगणात टाकले आणि पुन्हा निवडायला घेतलं.

"असू दे," ती म्हणाली. "गनपतीला येते, ह्येवढं मातर आता बदलू नको."