कापडाचं धुराडं

माझ्या मुलाचं जहाज म्हणजे सिमेंट वाहणारं साधं धूड. एकच धुराडं, गंजलेलं अंग आणि चाल अशी की काठावरून चालणारा माणूस पुढे निघून जाईल. मुलगा त्याच्या इंजिनावर होता. लढाई सुरू झाली तसं नौदलानं ते ताब्यात घेतलं, राखाडी रंग फासला, रिकाम्या खोक्यांच्या आड तोफ बसवली आणि माणसांसकट समुद्रात धाडलं. मुलगा ऐटीत म्हणाला, "आई, बाहेरून मालवाहू, आतून लढाऊ!" मी म्हटलं, "काही का असेना, तू धड परत ये म्हणजे झालं."

मग एक दिवस शत्रूच्या रेडिओनं जाहीर केलं, एका धुराड्याचं मालवाहू जहाज आम्ही बुडवलं. नावही घेतलं, आमचंच. नौदलाच्या कचेरीत विचारायला गेले तर तिथला कारकून धड हो म्हणेना, धड नाही म्हणेना. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. "अरे मेल्या, मुलगा हरवलाय माझा, छत्री नव्हे!" म्हणून त्याच्या टेबलावर हात आपटून आले.

घरी सांत्वनाला रीघ लागली. वरच्या मजल्यावरची शिंपीण तर यायची आणि दारातच असा सुस्कारा सोडायची की मला तिला जिन्यावरून ढकलून द्यावंसं वाटे. सून मात्र कुणाचं ऐकून घेत नव्हती. समुद्रात धूर दिसला की माझा हात धरून बंदराच्या भिंतीवर पळायची. आमच्याकडच्या बायका धुराड्यावरूनच जहाज ओळखतात. रंग बदलतो, नाव पुसून टाकतात, पण धुराडं कोण बदलतंय? लांबून ते दिसलं की कुणाचा नवरा आला हे सगळ्यांना कळतं.

त्या दुपारी जहाज आलं ते दोन धुराड्यांचं. भिंतीवरच्या सगळ्या बायका माघारी वळल्या. सून बराच वेळ बघत राहिली. मग माझा हात सोडून म्हणाली, "आई, उद्यापासून मी नाही येणार." आजवर ती होती म्हणून मी उभी होते हो! ती घरी गेली. मला गुडघ्यांनी उठू दिलं नाही, म्हणून तिथंच बसून त्या मेल्या दोन धुराड्यांना शिव्या घालत होते.

तेवढ्यात वारा सुटला आणि मागच्या धुराड्यानं पोट आत घेतलं. मग फुगलं. परत आत घेतलं.

मी डोळे चोळले. लोखंडाचं धुराडं कधी वाऱ्यानं हलतं का? आणि धूर तर पुढच्या एकातूनच येत होता! अगं बाई, ही तर ताडपत्री!

गुडघे कुठे गेले कुणास ठाऊक, मी धक्क्याच्या फाटकाशी जाऊन पोचले. पहारेकऱ्याला म्हटलं, "त्या जहाजाचं एक धुराडं कापडाचं आहे." त्याचा चेहरा पांढराफटक पडला. मला धरून त्यानं थेट आत नेलं, एका अधिकाऱ्यापुढे.

"कुणी सांगितलं तुम्हाला, आजी?"

"वाऱ्यानं. माझा मुलगा कुठाय?"

त्यानं कपाळाला हात लावला आणि मुलाला बोलावणं धाडलं. आला. वाळलेला, तेलानं माखलेला, पण अख्खा. आधी मी त्याच्या एक थोबाडीत दिली, मग मिठी मारली. जिवात जीव आला म्हणजे काय, ते मला त्या दिवशी कळलं.

"आई, आम्ही बुडाल्याचं आम्हीही रेडिओवर ऐकलं गं," तो हसत होता. "चहा पीत होतो." शत्रूच्या तोफेचा मारा सुरू झाल्यावर जहाज फुटल्यासारखं दिसावं म्हणून त्यांनी पाण्यात फळ्या टाकल्या, तेल ओतलं आणि धुराच्या आडून सटकले. नंतर दुसरं धुराडं चढवलं.

अधिकारी म्हणाला, "बुडालेलं जहाज शत्रू शोधत नाही. उद्या ते परत निघतंय. तेव्हा या दाराबाहेर तुमचा मुलगा बुडालाय. कुणालाही सांगायचं नाही."

"सुनेला सांगणार."

"कुणालाही नाही."

"तिला सांगणार. नाहीतर आत्ता फाटकात उभी राहून बोंब मारते."

अधिकाऱ्यानं मुलाकडे पाहिलं. मुलगा म्हणाला, "साहेब, ती मारेल."

"बरं, एकटीलाच," अधिकारी म्हणाला. "पण बाहेर कुणाला संशय येता कामा नये."

घराकडे येताना तोंडावरचं हसू काही जाईना. ओठ चावत दारात पोचले, तर खोली बायकांनी भरलेली. सुनेनं आशा सोडल्याची बातमी माझ्याआधी पोचली होती. ती मधोमध दगडासारखी बसलेली आणि शिंपीण तिची पाठ चोळतेय. मी शिंपिणीला बाजूला केलं, सुनेला जवळ घेतलं आणि कानाला तोंड लावून म्हटलं, "आहे. आत्ता भेटून आले. कुणाला सांगायचं नाही."

तिनं माझ्याकडे पाहिलं आणि जो हंबरडा फोडला! खोलीतल्या सगळ्या बायका डोळे पुसू लागल्या. "रडू दे, मोकळी होऊ दे," शिंपीण म्हणाली.

सुनेनं माझ्या गळ्याला मिठी मारली. हुंदक्या-हुंदक्यांतून पुटपुटली, "आई, मला लपवा. हसू येतंय."

मी तिचं तोंड माझ्या खांद्यावर घट्ट दाबून धरलं आणि तिच्याहून मोठ्यानं रडायला लागले.