आत्याला कळवण्याजोगा भाग

आत्याच्या पत्राला उत्तर द्यायचं राहून गेलं, त्याला आता चार वर्षं झाली होती. पत्र हरवलं असतं तर एक बरं झालं असतं. ते शब्दकोशाच्या पानांत होतं, आणि कुठलाही शब्द बघायला गेलं की नेमकं तेच पान उघडायचं.

‘चिरंजीवास अनेक आशीर्वाद,’ आत्याने लिहिलं होतं. ‘परवा तू पुन्हा मेलास. या खेपेला जिन्यावरून पडून. शेजारच्या बाई म्हणाल्या, तुमचा भाचा मरतो फार छान. मला ते कौतुक ऐकवत नाही. तू दोन वर्षांचा असताना गोवर झाला, तेव्हा आठवडाभर तुला मांडीवर घेऊन बसले ती काय यासाठी? ज्यात तू शेवटी जिवंत असशील तो भाग कधी आहे ते कळव. तोवर मी टीव्ही लावणार नाही.’

आत्या बोलेल तसं करणारी बाई होती. त्याची आई लवकर गेली, तेव्हा तिनेच त्याला वाढवलं. आता ती अठ्ठ्याऐंशीची होती. कानाने ऐकू येत नव्हतं, त्यामुळे फोनचा उपयोग नव्हता. फोनवर ती स्वतःचं सांगायची आणि ठेवून द्यायची. लिहिण्यावाचून इलाज नव्हता, आणि लिहायला काही नव्हतं.

तीस वर्षं तो मालिकांमध्ये एका-दोन भागांपुरती कामं करत होता. कुठल्याच युनिटला त्याचं नाव लक्षात ठेवायची गरज पडली नाही. सगळे त्याला ‘पाहुणे’ म्हणत. पाहुण्यांनी यायचं, दोन प्रसंग करायचे आणि गोष्ट पुढे सरकावी म्हणून मरायचं. विमा एजंट होता तेव्हा गाडीखाली गेला. रखवालदार होता तेव्हा पाठीत सुरा बसला. नायिकेचा बाप तर तो तीनदा झाला आणि तिन्ही वेळा छातीवर हात ठेवून कोसळला. मेल्यावर त्याची पापणी हलत नसे आणि छाती वरखाली होत नसे. डोळे उघडे ठेवून तो चाळीस-चाळीस सेकंद पडून राही. ‘एका टेकमध्ये मरतात,’ असं त्याच्याबद्दल सांगितलं जाई, आणि त्यावरच काम मिळे.

जिवंत राहिलेली एक भूमिका होती, पोस्टमनची. पण तिच्यात दारातून पाकीट देणारा त्याचा हात तेवढा दिसला. हातावरून आत्या ओळखेल का, या विचारात त्याने दोन महिने घालवले.

“काहीतरी खोटं लिहून टाका,” बायको म्हणाली.

“ती टीव्ही लावून बघेल ना.”

“मग खरं लिहा.”

“रडेल ती.”

“आणि चार वर्षं तुमचं काहीच नाही, म्हणून हसत बसली असेल, नाही का?” बायकोने चष्मा पुसला. “मला तर वाटतं, रडू येईल ते तिला नाही, तुम्हाला.”

बायकोच्या बोलण्यावर त्याला उत्तर सुचायचं ते साधारण दुसऱ्या दिवशी.

मग कामं जमवून देणाऱ्या माणसाचा फोन आला. “पाहुणे, दोन दिवसांचं काम. निवृत्त हेडमास्तर, मुलगी नर्स. आजारी पडता.”

“आणि शेवटी?”

“शेवटी काय, बरे होता. मुलगी हात धरून घरी नेते.”

“लिहिलंय तसं?”

“अहो, पाठवतो ना पानं.”

पानं आली. पाचव्या पानावर खरंच लिहिलं होतं: हेडमास्तर मुलीचा हात धरून चालत रुग्णालयातून बाहेर पडतात. ते त्याने चार वेळा वाचलं. त्याच संध्याकाळी त्याने आत्याला पत्र लिहिलं, मालिकेचं नाव, गुरुवार, रात्री आठ, आणि खाली ‘शेवटी मी चालत घरी जातो’. पाकीट चिकटवून तिकीट लावलं, पण पेटीत टाकलं नाही. चित्रीकरण झाल्यावर टाकू, असा विचार केला. एवढी वर्षं या धंद्यात काढली होती, तेवढी अक्कल त्याला आली होती.

रुग्णालयाचा सेट एका जुन्या गोदामात होता. खाटेच्या चाकांखाली विटा, सलाईनच्या बाटलीत साधं पाणी. हृदयाची हिरवी रेघ भिंतीमागे बसलेला एक माणूस लॅपटॉपवरून चालवत होता आणि अधूनमधून जांभया देत होता. रुग्णाच्या अंगरख्याला खिसा नव्हता, म्हणून पाहुण्यांनी पत्र उशीखाली ठेवलं. पहिला दिवस नीट गेला.

दुसऱ्या दिवशी चार वाजता सहायक नवीन पान घेऊन आला.

“काका, थोडा बदल आहे. हिरॉईन मॅडम आज लवकर निघणार, उद्यापासून सुट्टीवर. बाहेर पडण्याचा प्रसंग होणार नाही. आजच खाटेवर आटपायचं.”

“आटपायचं म्हणजे?”

“जायचं तुम्ही,” सहायक म्हणाला. त्याला वाईट वाटलं असावं, कारण त्याने पुढे जोडलं, “तुम्ही ते करता पण सुंदर.”

पाहुणे खाटेवरून उतरून दिग्दर्शिकेकडे गेले. ती उभ्या उभ्या चहा पीत होती.

“एक विचारू का? हेडमास्तर जगले तर नाही चालणार?”

“पाहुणे, सहा वाजता सेट मोडायचाय. प्लीज.”

पुढचं वाक्य त्यांनी मनात तयार केलं होतं, पण तोवर ती प्रकाशयोजनेवाल्याशी भांडायला गेली होती.

पहिला टेक सुरू झाला. मुलगी झालेली नायिका हात धरून बसली. हिरवी रेघ सरळ झाली. पाहुण्यांनी डोळे उघडे ठेवले आणि ते मेले. आठव्या सेकंदाला छाती उचलली गेली.

“कट. श्वास दिसला. असू दे, होतं कधीकधी.”

दुसऱ्या टेकला पापणी हलली. तिसऱ्याला ध्वनिमुद्रकाने हेडफोन काढले. “उशीखाली काहीतरी खसखसतंय.”

सहायकाने उशी उचलून पाकीट काढलं. “पत्र आहे. कुणा आत्याला.”

“माझं आहे ते,” पाहुणे म्हणाले. मग सगळे थांबलेलेच होते, म्हणून त्यांनी झोपल्या झोपल्या छताकडे बघत सगळं सांगितलं. आत्याचं, टीव्हीचं, चार वर्षांचं.

“व्हिडिओ कॉल करा ना आत्याला,” दिग्दर्शिका म्हणाली. “दिसाल की जिवंत.”

“तिला मी जिवंत आहे हे माहीत आहे,” पाहुणे म्हणाले. “तिला ते टीव्हीवर बघायचंय.”

दिग्दर्शिकेने घड्याळ पाहिलं. साडेपाच वाजले होते. “पत्र बाजूला ठेवा. चौथा टेक.”

चौथ्या टेकला ते श्वास रोखून पडले, आणि श्वास आपोआप आला, चांगला लांब. पाचव्यालाही आला.

“मुद्दाम करताय का हो?”

“नाही.” ते खरं होतं की नाही, हे त्यांनाही सांगता आलं नसतं. “पूर्वी जमायचं.”

“तीस वर्षं मेलात आणि आजच तुम्हाला जगायचं सुचलं?” दिग्दर्शिकेने कपाळावर हात मारला.

तेव्हा नायिकेने त्यांचा हात सोडला. तिचं सामान बांधायचं राहिलं होतं. “जगू दे ना गं त्यांना. मी इथेच म्हणते, ‘बाबा, घरी जाऊ या’, ते उठून बसतील, संपलं. मला सातला निघायचंय.”

दिग्दर्शिकेने भिंतीमागच्या माणसाला हाक मारली. “रेघ परत चालू कर. पाहुणे, तुम्ही उठून बसायचं आणि ‘हो’ म्हणायचं. जास्त काही नको.”

ते उठून बसले. ‘हो’ म्हणाले. एका टेकमध्ये झालं.

ते कपडे बदलून निघाले तेव्हा सहायकाने पाकीट हातात दिलं. “काका, आमच्याकडे पुढच्या महिन्यात एक खून आहे, तुमचंच नाव सुचवणार होतो. पण आता डायरेक्टर मॅडम...” बाकीचं त्याने हातवाऱ्याने सांगितलं.

“समजलं,” पाहुणे म्हणाले.

कोपऱ्यावरच्या टपालपेटीपाशी ते थांबले. आत ‘चालत घरी जातो’ असं लिहिलं होतं, आणि पाकीट तर चिकटवलेलं. आत्या शब्दाची पक्की होती. भाचा चालताना दिसला नाही तर पुन्हा टीव्ही बंद करेल. त्यांनी खिशातून पेन काढलं, पाकीट पेटीवर टेकवलं आणि मागच्या बाजूला लिहिलं, ‘ता. क. आत लिहिल्याप्रमाणे चालत नाही. खाटेवर बसलेला आहे. पण शेवटपर्यंत आहे.’

शाई वाळेपर्यंत त्यांनी पाकीट हातात धरून ठेवलं आणि मग पेटीत टाकलं.