तुमची पाळी आली

मित्रांनो, मी एक जुना खेळकट्टा आहे, पण मला शोधायला गावातल्या पारावर जाऊ नका. मी फोनच्या आत राहतो. तुम्ही मला विकत घेतलेलं नाही, मागितलेलंही नाही. नवा फोन उघडलात तेव्हा मी आत आयताच बसलेला होतो. भाड्याच्या घरात माळ्यावर कोणाची तरी पेटी सापडली, तर शहाणा माणूस आधी विचारतो की ही कोणाची आणि हिच्यात काय आहे. मला मात्र कोणी काहीच विचारलं नाही. तुम्हीही विचारलं नसेल.

मी स्वभावाने संशयी आहे, हे आधीच सांगून टाकतो. जन्मतः तसा नव्हतो. पंधराएक वर्षांपूर्वी परदेशातल्या एका कंपनीत माझा जन्म झाला, तेव्हा मी मोठा देखणा होतो. हिरव्यागार मखमली कापडाचा पट आणि त्याला कॅरमसारखी लाकडी चौकट. माणसं फोनवर एकटी-एकटी खेळतात, त्यांना एका कट्ट्यावर आणून बसवायचं, हे माझं काम. कोण जिंकलं, कोणाचा डाव आहे, कोणी कोणाला खेळायला बोलावलं, ते सगळं मी सांभाळायचो. लोकांनी तोंडभर कौतुक केलं आणि मी फुगलो.

पहिल्याच वर्षी माझा फुगा फुटला. चेंडू उडवण्याच्या एका साध्या खेळात कोणा एकाने नऊशे कोटी गुण मिळवले. तेवढे चेंडू खरोखर उडवायचे तर त्या गृहस्थाला चारशे वर्षं जगावं लागलं असतं. 'नाजूक परी' नावाने मैत्री मागणारी मुलगी चांगला मिशीवाला बाप्या निघाली. तेव्हापासून मी कोणाचंच खरं धरत नाही. तुम्ही हे वाचताय की नुसतंच बोटाने वर ढकलताय, याचीही मला शंका आहे.

पुढे दिवस फिरले. हिरवं कापड जुनाट दिसतं म्हणून कंपनीने ते काढून टाकलं आणि त्या जागी रंगीत फुगे चिकटवले. मग माझं चित्रही पडद्यावरून काढलं आणि मला सेटिंगच्या अडगळीत ढकललं. खेळ उघडला की वरून क्षणभर 'पुन्हा स्वागत आहे' अशी एक पट्टी सरकायची, तेवढंच माझं अस्तित्व. सासरी राबून राबून शेवटी ओटीवर खाट टाकून मिळावी, तशी गत झाली. मला वाईट वाटलं. फार वाईट वाटलं.

अशा पडत्या काळात मला दोन चांगली माणसं भेटली. नाशिकजवळ मखमलाबादच्या शिवारात फुलं आणि भाजी पिकवणारं एक घर आहे. घरात दोन भाऊ. थोरला सुनील, धाकटा महेश. चुली दोन, पण विहीर एक. सुनीलची बायको आशा आणि महेशची बायको रूपाली, या दोघी जावा. एका दसऱ्याला दोघींनी एकाच दुकानातून एकसारखे फोन घेतले. आशाच्या मुलीने, तृप्तीने, दोन्ही फोनवर वाघ-बकरीचा खेळ घालून दिला आणि माझ्या कट्ट्यावर त्या दोघींची जोडी जुळवली. वाघ आशाचे, बकऱ्या रूपालीच्या.

एक सोंगटी आशाने सरकवायची, मग एक रूपालीने. मधे कधी चार तास जात, कधी पूर्ण दिवस. आधी मला दाट संशय आला. चार तास विचार करते म्हणजे ही बाई कोणाला तरी विचारून खेळते! नंतर कळलं की त्या चार तासांत ती गलांड्याची फुलं तोडत असते. मी ओशाळलो. (हे मला कसं कळलं, असं विचारू नका. फोन ऐकत नाही, असं कंपनी सांगते. विश्वास ठेवायचा की नाही, ते तुम्ही ठरवा.)

त्या दोघी बोलत कमी आणि खेळत जास्त. सकाळी कामाच्या रगाड्यात एकीने बकरी सरकवली की दुसरीला कळायचं, हिचा चहा झाला. दुपारी वाघाने झेप घेतली की कळायचं, ताईंची डोकेदुखी आज थांबलीय. माझ्या सगळ्या आयुष्यात एवढा सरळ खेळ मी पाहिला नव्हता.

आता विहिरीचं सांगतो, कारण सगळं तिथेच घडलं. उन्हाळ्यात ती विहीर दोन तास मोटर चालली की तळ दाखवते आणि पुन्हा झिरपून भरायला दीड दिवस घेते. म्हणून भावांनी पाळी ठरवली होती. एकदा सुनीलच्या वावराला पाणी, मधे एक दिवस सोडून महेशच्या. अडीअडचणीला पाळी बदलायची, तर जावाच फोनवर एकमेकींना कळवायच्या. रूपाली धाकटी, म्हणून ती आशाला 'तुम्ही' म्हणते. 'ताई, उद्या तुमची पाळी' असा तिचा निरोप असायचा.

याच सुमारास कंपनीला माझी पुन्हा आठवण झाली. एकटा माणूस खेळाला लवकर कंटाळतो, पण दुसऱ्या माणसाने बोलावलं की त्याला नाही म्हणवत नाही, हे कोणाच्या तरी लक्षात आलं. मला झाडून-पुसून बाहेर काढलं, नवं चित्र दिलं, नवी बोली दिली. पूर्वी माझी सूचना इंग्रजीत यायची, पुढे खेळाचं नाव असायचं. दोघी ती न वाचताच ओळखायच्या. आता सूचना मराठीत यायची होती. सुटसुटीत दिसावी म्हणून खेळाचं नाव गाळलं आणि समोरच्या माणसाचं नाव पुढे आणलं. मला तेव्हाच संशय यायला हवा होता. दुसऱ्याच्या नावाने बोलायला सांगतात तेव्हा काहीतरी काळंबेरं असतंच. पण इतक्या वर्षांनी कोणी मला विचारलं होतं. मी खूश होतो आणि गप्प बसलो.

चैत्रातला गुरुवार होता तो. पाळी महेशची. त्याच्या वावरात सोमवारी झेंडूची दोन हजार रोपं लावली होती आणि आज त्यांना आंबवणी द्यायची होती. लावणीनंतर तिसऱ्या-चौथ्या दिवशी दिलेलं पाणी म्हणजे आंबवणी. ती चुकली की रोप मूळ धरत नाही. महेश कांद्याचा टेम्पो घेऊन पहाटेच पिंपळगाव बसवंतला गेला होता. रूपाली फुलांच्या पाट्या घेऊन पंचवटीत विकायला बसली होती. अकराला घरी येऊन ती मोटर लावणार होती. नऊच्या सुमारास गिऱ्हाईक जरा ओसरलं, तेव्हा तिने फोन काढला आणि एक बकरी पुढे सरकवली.

त्याबरोबर आशाच्या फोनवर मी माझं नवं वाक्य म्हटलं:

'रूपाली: तुमची पाळी आली.'

आशा वांग्यांत उभी होती. तिने वाचलं, बोटाने सूचना बाजूला सारली आणि मनात म्हणाली, बाजारात अडकली वाटतं बिचारी. मग विहिरीवर जाऊन तिने मोटर लावली आणि पाणी आपल्या वांग्यांकडे वळवलं.

मित्रांनो, खेळात डाव असतो. पाळी विहिरीवर असते. ज्याने माझं वाक्य मराठीत आणलं त्याला शब्दकोश ठाऊक असेल, विहीर ठाऊक नव्हती. मला तर दोन्ही ठाऊक होतं. तरीही मी ते वाक्य म्हटलं.

अकराला रूपाली आली. विहिरीत खडक दिसत होता. दुसऱ्या दिवशी रोहित्र जळालं आणि तीन दिवस शिवारात वीज नव्हती. झेंडूची रोपं माना टाकून वाफ्यातच सुकली.

त्या गुरुवारीच, महेश परतल्यावर, अंगणात झालेलं बोलणं मी विसरू शकत नाही.

"ताई, आंबवणीचा दिवस होता हो आमचा. तुम्हाला माहीत नव्हतं का?" रूपालीने विचारलं.

"तूच तर निरोप पाठवला. तुमची पाळी म्हणून."

"मी? मी नाय पाठवला."

"रूपाली, देवाशपथ तुझं नाव होतं त्याच्यावर!"

"दाखवा ना मग, वहिनी," महेश म्हणाला. "मेसेज असंल तर दाखवा."

आशाने फोन उघडला. वर गेली, खाली गेली. निरोप कुठेच नव्हता. माझी सूचना एकदा बाजूला सारली की ती कायमची जाते. मी आत बसून ओरडत होतो, पण मला ठरवून दिलेली वाक्यंच म्हणता येतात. 'मी केलं' असं वाक्य त्यांत नाही.

आशाला वाटलं, रूपाली बोलून फिरते. रूपालीला वाटलं, ताईंनी पाणी पळवलं आणि वर खोटं रचलं. संशय म्हणजे काय, हे मला शिकवायला नको. पण हा संशय निराळा होता. चारशे वर्षांच्या चेंडूवाल्यावर मी संशय घेतला तेव्हा कोणाच्या चुलीत पाणी पडलं नव्हतं. इथे दोन घरांचा अबोला झाला. मधल्या अंगणात तारेचं कुंपण आलं. शेवटी महेशने सांगून टाकलं की येत्या रविवारी बोअरची गाडी येणार. स्वतःचं बोअर मारायचं, विहिरीशी संबंध नको.

सुनील एवढंच म्हणाला, "बोअर विहिरीच्या बगलंला मारलं तर दोन्ही आटतील." पण महेशला सांगायला तो गेला नाही. मोठ्या भावाने पडतं कशाला घ्यायचं?

इकडे माझा पट तसाच होता. दोन वाघ कोंडले होते आणि डाव आशाचा होता. खेळ थांबला की माणसाला डिवचायचं, असाही मला नवा हुकूम होता. म्हणून दर चार दिवसांनी मी आशाच्या फोनवर म्हणायचो, 'रूपाली तुमची वाट पाहत आहे.'

हे धडधडीत खोटं होतं. रूपाली कोणाची वाट पाहत नव्हती. ती आशाचा चेहरा दिसला तरी वळून आत जायची. पहिल्यांदा आशाने ते वाक्य वाचलं आणि म्हणाली, "टोमणे मारते का मला?" दुसऱ्यांदा न बोलता पुसलं. तिसऱ्यांदा पुसायला जरा वेळ लावला.

चौथ्यांदा शनिवार होता. आशा सासूबाईंजवळ लसूण सोलत बसली होती. कमळाबाईंना वाचता येत नाही, पण सुनेचा चेहरा वाचता येतो.

"काय आलं गं?"

"काही नाय, आई. रूपाली वाट पाहते म्हणे."

"म्हंजे? ती तुझी वाट पाहू ऱ्हायली, अन् तू लसूण सोलीत बसली का? उद्या गाडी येईल बोअरची. जा की!"

"मीच का जाऊ?"

"बोलावनं तिचं हाय ना? मंग जानाऱ्याला कसला आलाय कमीपना?"

आशा उठली. फोन मुठीत घट्ट धरून ती कुंपणाच्या तारेपाशी गेली. मी तिच्या मुठीत होतो आणि मला फार भीती वाटत होती, कारण पलीकडे काय होणार ते मला माहीत होतं.

"रूपाली, बोलावलंस?"

रूपाली भांडी घासता घासता उभी राहिली. "मी? मी कशाला बोलवू?"

"हे बघ! परत तेच!" आशाचे डोळे भरून आले. "आता तरी पुसलं नाय मी. वाच तुझ्या डोळ्यांनी."

रूपालीने राखेचा हात पदराला पुसला आणि फोन घेतला. वाचलं. पुन्हा वाचलं. मग तिने ती सूचना नुसती दाबली. पडदा उघडला आणि माझा पट समोर आला. कोंडलेले दोन वाघ, तिने पंचवटीत बसून सरकवलेली बकरी, तिच्याखाली बारीक अक्षरांत तो गुरुवार आणि सकाळचे नऊ. आणि सगळ्यात खाली माझं तेच वाक्य: तुमची पाळी आली.

रूपालीने फोन आशापुढे धरला.

"ताई," रूपाली हळूच म्हणाली, "हा मेला फोनच बोलत होता. माझ्या नावानं."

"अन् मी मोटर लावली गं त्याच्यावर." आशा तारेला धरून खाली बसली. "तुझी रोपं वाळवली मी. तुला खोटी म्हटलं."

"मी तुम्हाला पाणीचोर म्हटलं, ताई. सगळ्या गल्लीत म्हटलं."

दोघी तारेच्या अल्याड-पल्याड बसून रडल्या. मग महेशला हाका मारल्या. तो आला, त्याने फोन पाहिला, एकदा सुनीलच्या घराकडे पाहिलं आणि बोअरवाल्याला फोन लावायला बाजूला गेला.

त्याच संध्याकाळी तृप्तीने दोन्ही फोनवर माझा आवाज बंद केला. मी तक्रार करत नाही. उलट, आयुष्यात पहिल्यांदाच कोणी माझ्यावर योग्य तो संशय घेतला. पुढच्या महिन्यात कंपनीने माझं वाक्य सुधारलंही. आता मी 'तुमचा डाव' म्हणतो. पण त्या दोघींच्या फोनवर ते वाजत नाही. नेमका शब्द तोंडी आला, तोवर ऐकणारं कोणी उरलं नव्हतं.

मित्रांनो, माझ्यासारखे पुष्कळजण तुमच्या फोनमध्ये बसलेले आहेत. आम्ही तुमच्या मित्राच्या नावाने हाक मारतो, तुमच्या बहिणीच्या नावाने रुसतो, कोणी वाट पाहत नसताना वाट पाहायला लावतो. आम्हाला वापरा, पुसा, चार्ज करा, पण आमच्यावर डोळे मिटून भरवसा ठेवू नका. संशय घ्यायचाच असेल तर आमच्यावर घ्या, माणसावर नको. त्याला समोर जाऊन विचारा.

तारेचं कुंपण निघालं आहे. विहिरीच्या कठड्यावर दोघींनी खडूने वाघ-बकरीचा पट काढला आहे. वाघांना खडे आणि बकऱ्यांना झेंडूच्या कळ्या. मी आशाच्या कमरेच्या पिशवीत मुका पडून असतो आणि रोज बांधावरून आलेली एक हाक ऐकतो.

"ताई, तुमची पाळी!"

ती पाण्याची की खेळाची, हे मला अजूनही कळत नाही. त्या दोघींना कळतं.