मटिल्डामावशींचं दोन नंबर कोर्ट

अर्जातला सातवा प्रश्न होता : मातीची कोर्टं किती? मी 'दोन' लिहिलं. पुढचा सगळा घोळ त्या एका आकड्याने घातला, आणि तो मीच लिहिला होता, पूर्ण शुद्धीत, निळ्या शाईने.

आमच्या गास गावच्या जिमखान्यात मातीचं कोर्ट एकच होतं. पण 'दोनपेक्षा कमी असल्यास अर्ज करू नये' असं खाली बारीक अक्षरात छापलेलं होतं, आणि बारीक अक्षरात कोणी दम दिला की माझं डोकं फिरतं. एकतीस वर्षं शाळेत पी.टी. शिकवली आहे मी. मला सांगायचं तर मोठ्याने सांगा. शिवाय कुंपणापलीकडे मटिल्डामावशींचं खळं होतंच. चार भावांचं सामाईक, अख्ख्या आळीची लग्नं मावतील एवढं मोठं, चोपून सारवून तुळतुळीत केलेलं. माती ती माती. तिच्यावर भात झोडायचा की टेनिस खेळायचं, हे ज्याचं त्याने बघावं.

अर्ज मंजूर झाला. जानेवारी १९९९मध्ये महिलांची आंतरराष्ट्रीय व्यावसायिक टेनिस स्पर्धा, अगदी खालच्या पायरीची का होईना, पण गासला! फॅक्स नालासोपाऱ्याच्या एसटीडी बूथवर आला, आणि बूथवाल्याने तो माझ्या हातात द्यायच्या आधी सगळ्या बाजाराला वाचून दाखवला.

मला ही स्पर्धा हवी होती ती क्षितिजासाठी. विरारला चौथ्या मजल्यावर राहणारी ही एकोणीस वर्षांची मुलगी आठ वर्षं माझ्याकडे खेळत होती. यजमान म्हणून आम्हाला आमची एक खेळाडू उतरवता येणार होती. तिने पहिला सामना जिंकला तर जागतिक क्रमवारीतला एक गुण. एकच, पण जगातला. हरली, तर सोमवारपासून अंधेरीला मामाच्या ऑफिसात टायपिंग. हे तिच्या वडिलांनी, आत्मारामरावांनी, ठरवून टाकलं होतं. देवगडकडचा सज्जन माणूस, पण शब्दाला पक्का.

"बाई, आठ वर्षं झाली," ते म्हणाले. "एक गुण दाखवा, मी पुन्हा तोंड उघडणार नाही."

आठ वर्षांत दाखवण्यासारखं काही नव्हतं हे खरंच होतं, म्हणून मला जास्त राग आला.

आता राहिलं खळं. मटिल्डामावशी साठीच्या, ठेंगण्या, आणि गावात त्यांच्याइतकं चांगलं खळं कोणी करत नाही हे त्यांना नीट माहीत असलेल्या. मी त्यांच्या ओट्यावर जाऊन बसले.

"खळं देईन, बाई. भात झोडून झालाय, माझं काय जातं? पन खळ्यात चपल घालून कोनी यायचं नाय."

"मावशी, चपला नसतात. बूट असतात."

"बूट म्हंजे मोठी चपलच. ज्या जमिनीवर खायाचं धान्य पडतं तिच्यावर रस्त्याची घान आनायची नाय. दुसरं, खड्डा पडला की मी सारवनार. आनि तिसरं, खळ्यात उभं राहून खोटं बोलायचं नाय. रास घटते."

"टेनिसमध्ये कोण खोटं बोलतंय?" मी म्हटलं, आणि तो अर्जातला आकडा आठवून जरा सावरून बसले. नशीब, ओट्यावर होते.

बुटांवर दोन तास घासाघीस झाली. शेवटी चहाच्या तिसऱ्या कपाला तोडगा निघाला : बूट हातात धरून आणायचे, खळ्याच्या कडेला पाय धुवायचे, आणि मगच स्वच्छ बूट चढवायचे. रस्ता न पाहिलेला बूट मावशींच्या लेखी मोजा होता.

स्पर्धेच्या आदल्या दिवशी पुण्याहून मुख्य पंच आल्या, अश्लेषाबाई. काखेत नियमांचं पुस्तक, डोक्याला पांढरी टोपी. एक नंबर कोर्ट त्यांनी दोन मिनिटांत पास केलं आणि खळ्याच्या मध्यभागी येऊन उभ्या राहिल्या.

"इथे शेणाचा वास येतोय."

"हो," मी म्हटलं.

"हे कोर्ट किती वर्षांचं?"

मी खळ्यात उभी, पाय धुतलेले, आणि पलीकडून मटिल्डामावशी बादली घेऊन माझ्याकडे टक लावून बघतायत. मला घाम फुटला.

"जरा बाहेर या ना," मी अश्लेषाबाईंना म्हटलं. "सावलीत बोलू." आणि त्यांना कुंपणाच्या बाहेर, आंब्याखाली नेऊन सांगितलं, "बारा वर्षांचं."

मावशींनी हे पाहिलं. मान हलवली.

अश्लेषाबाईंनी मग खळ्यात सतरा ठिकाणी चेंडू आपटून पाहिला. सतरा वेळा तो सारखाच उडाला. कोणीतरी फसवल्यासारखा चेहरा करून त्यांनी सही केली.

पहिल्याच दिवशी परदेशी मुली बूट हातात घेऊन अनवाणी रांगेत आल्या. इथल्या देवाचं काही असेल असं त्यांनी आपापसांत ठरवलं होतं. दुपारपर्यंत त्या पाय धुऊन वर हातही जोडायला लागल्या. एका जपानी मुलीने, चुकायला नको म्हणून, जिमखान्याच्या संडासाबाहेरही हात जोडले.

वाद झाला तो सारवण्यावरून. मटिल्डामावशींना टेनिस कळत नव्हतं आणि कळून घ्यायचंही नव्हतं. बॉल पडला की मातीत वण उठतो, आणि वण दिसला की त्यांचा हात शिवशिवतो. पहिल्या सामन्याच्या दुसऱ्याच गेममध्ये त्या बादली घेऊन सरळ आत शिरल्या, उकिडव्या बसल्या आणि पंजाएवढा शेणाचा हात फिरवून उठल्या. दोन्ही खेळाडू रॅकेट वर धरून बघत राहिल्या.

"अहो, ती खूण आम्हाला लागते!" अश्लेषाबाई ओरडल्या. "चेंडू आत पडला की बाहेर, हे आम्ही त्या खुणेवरून ठरवतो!"

"मंग डोले कशाला दिलेत देवाने?" मावशींनी विचारलं.

अश्लेषाबाईंनी पुस्तक चाळून पाहिलं. शेवटी अश्लेषाबाईंनी हात जोडून सांगितलं, "रेषेच्या आत खेळ चालू असताना हात लावायचा नाही. रेषेच्या बाहेर काय हवं ते करा." मावशी "बरं" म्हणाल्या.

क्षितिजाचा सामना दोन नंबर कोर्टावर, म्हणजे खळ्यावर लागला. समोर बल्गेरियाची एक सहा फुटी मुलगी. तिचं नाव अकरा अक्षरी होतं, म्हणून आळीने तिला 'उंचबाय' करून टाकलं होतं. पंच कमी पडल्यामुळे उंच खुर्चीवर खुद्द अश्लेषाबाई बसल्या. खुर्चीही धड नव्हती. डेकोरेटरने लग्नातली लाल मखमली खुर्ची पाठवली होती. ती दोन बाकांवर चढवून शिडी लावलेली, आणि तीत बसलेल्या अश्लेषाबाई मुहूर्त टळून गेलेल्या नवरीसारख्या दिसत होत्या. मागच्या रेषेवर बॉल आत-बाहेर सांगायला मार्सेल, आमचा चित्रकलेचा मास्तर आणि मटिल्डामावशींचा सख्खा पुतण्या.

आत्मारामराव आले, पण कोर्टाकडे पाठ करून बसले. आपण बघितलं की पोर हरते अशी त्यांची समजूत होती. प्रत्येक पॉइंटनंतर ते मला विचारायचे, "काय झालं?" तीन तास मी त्या माणसाच्या टकलाला टेनिस समजावून सांगितलं.

पहिला सेट उंचबायने घेतला. दुसरा क्षितिजाने, रडतखडत. तिसऱ्यात पाच-चार, सर्व्हिस क्षितिजाची, चाळीस-तीस. आता एक पॉइंट मिळाला की संपलं.

क्षितिजाने मारलेला बॉल उंचबायच्या डाव्या कोपऱ्यात, मागच्या रेषेपाशी पडला. उंचबाय पोचली नाही. सगळी आळी श्वास धरून मार्सेलकडे बघायला लागली, आणि मार्सेलने दोन्ही तळवे जमिनीकडे धरून सांगितलं, आत!

एकच गलका झाला. कोणीतरी बँजोवाल्याला इशाराही केला. आत्मारामराव "काय झालं? काय झालं?" करत माझा पदर ओढायला लागले. पण उंचबाय मानायला तयार नव्हती. ती रॅकेटने जमिनीकडे दाखवून तिच्या भाषेत काहीतरी भयंकर बोलत होती. अश्लेषाबाई खूण बघायला उठल्या. मखमलीतून सुटून, शिडीच्या सहा पायऱ्या उलट्या उतरून, टोपी सावरून त्या कोपऱ्यात पोचेपर्यंत मटिल्डामावशी तिथून उठत होत्या. सारवण झालं होतं. नेहमीच्या पंजाएवढं नव्हे, चांगलं सुपाएवढं, ओलं, चकचकीत.

"खूण कुठाय?" अश्लेषाबाईंनी विचारलं.

"सारवली. रेषेच्या बाहेर काय हवं ते करा, असं तुमीच बोललेला."

अश्लेषाबाईंनी डोळे मिटले आणि पुस्तक उघडलं. खूण नसेल तर रेषेवरच्या माणसाचा निर्णय कायम. म्हणजे मार्सेलचा. म्हणजे क्षितिजा जिंकली! मी उडी मारली, चौसष्टाव्या वर्षी, दोन्ही पायांवर.

"मार्सेल," मटिल्डामावशी म्हणाल्या. आवाज चढवला नाही. "खळ्यात उभा हायस तू. परत सांग."

मार्सेलने आधी मावशींकडे बघितलं, मग स्वतःच्या पायांखाली. त्याचा चेहरा पडला.

"बाहेर होता," तो पुटपुटला. "चार बोटं बाहेर. मी... आपली क्षितिजा म्हणून..."

मी सांगते, त्या क्षणी मला मटिल्डामावशींचा जेवढा राग आला तेवढा आयुष्यात कोणाचा आला नाही. काय गरज होती? कोणी विचारलं होतं? आठ वर्षांची मेहनत, आणि ही बाई चार बोटांसाठी पुतण्याला उभ्या गावासमोर कबुली द्यायला लावते! क्षितिजा कमरेवर हात ठेवून आभाळाकडे बघत होती. रडू नये म्हणून माणूस बघतो तसं. आत्मारामरावांना मी म्हटलं, "काही झालं नाही. चाळीस-चाळीस झालं."

अश्लेषाबाईंनी जाता जाता त्या ओल्या सारवणाकडे एकदा बघितलं. पुस्तकात शेणाची नोंद नव्हती, आणि बाहेर काय हवं ते करायची परवानगी त्यांचीच होती. त्या निमूट शिडी चढल्या.

क्षितिजाने सर्व्हिस केली. तीन-चार फटके झाले. मग एक बॉल डाव्या कोपऱ्याकडे गेला आणि उंचबाय लांब ढांगा टाकत त्याच्यामागे धावली. तिचा पाय सुपाएवढ्या सारवणावर पडला आणि तिथून तो एकटाच पुढे गेला. उंचबाय बसली. सहा फूट बाई, पांढऱ्या स्कर्टसकट, फच्चकन. बॉल तिच्या डोक्यावरून गेला आणि कुंपणात कोंबड्यांत पडला.

पुढच्या पॉइंटला ती उभी राहिली खरी, पण त्या कोपऱ्याकडे पाऊल टाकायला तयार होईना. घर जळत असतं तरी गेली नसती. क्षितिजाने एक नजर टाकली आणि आठ वर्षांत पहिल्यांदा मी शिकवलेली गोष्ट केली : माणूस नाही तिथे बॉल ठेवला. अलगद, रेषेच्या हातभर आत. मार्सेलने आत म्हणून सांगितलं, मग घाबरून मावशींकडे बघितलं. मावशींनी मान डोलावली.

"काय झालं?" आत्मारामराव म्हणाले.

"वळा आता," मी म्हटलं. ते वळले, आणि पोर अनवाणी, बूट हातात घेऊन त्यांच्याकडे धावत येताना त्यांना दिसली. एवढ्या आनंदातही तिने खळ्याच्या कडेला बूट काढले होते. बाप-लेक दोघं रडले, मीही रडले, आणि बँजोवाल्याने लग्नाचं काहीतरी वाजवलं. सोमवारी अंधेरीला आत्मारामराव गेले, एकटेच, मामाला नाही म्हणून सांगायला.

उंचबायला मटिल्डामावशी घरी घेऊन गेल्या. तिचा स्कर्ट स्वतः धुतला, तिला स्वतःचं लुगडं नेसवलं, ते तिच्या गुडघ्यापर्यंत आलं, आणि पोटभर मासे जेवायला घातले. दुसऱ्या दिवशी क्षितिजा त्या हात जोडणाऱ्या जपानी मुलीकडून सहा-एक, सहा-शून्य हरली. कोणाला काही वाटलं नाही. गुण पदरात पडला होता.

स्पर्धा संपल्यावर मी खळं परत करायला गेले. मावशी मध्यभागी उकिडव्या बसून चुन्याच्या रेषा खरवडत होत्या. मी पाय धुऊन आत गेले.

"मावशी, एक विचारू? बॉलचा वण रुपयाएवढा. रोज तुम्ही पंजाएवढं सारवायच्या. त्या दिवशी सुपाएवढं कसं काय सारवलंत?"

मटिल्डामावशींनी हात पुसले. बादली उचलली. सावकाश चालत खळ्याच्या कडेला गेल्या, बाहेर पडल्या, एकेक करून दोन्ही पायांत चपला घातल्या. मग माझ्याकडे वळल्या.

"हात जरा लांबला, बाई," त्या म्हणाल्या. "वय झालं ना."